नाव बदलायला आलेला सावकार

“…मग मला दुसरं आडनाव द्याल का, अप्पा?”

अप्पा सुपातले गहू निवडत होते. त्यांनी मान वर केली नाही.

“जुन्याला काय झालं?”

“ते पुस्तकावर छापावंसं वाटत नाही.”

विचारणारा होता वीरभद्र सावकार. मांजरा नदीकाठच्या याच मठात तो लहानपणी संस्कृत शिकला. पुढे पुण्याला गेला, तिथून विलायतेला. आता शब्दांचा जाणकार म्हणून चार देशांत त्याला मान होता, आणि तो मान त्याच्या चालण्याबोलण्यात दिसायचा.

अप्पा म्हणजे गुरुलिंग स्वामी, मठाचे जंगम. वीरभद्राच्या हाती पहिली पाटी त्यांनीच दिली होती.

वीरभद्रानं एक ग्रंथ लिहिला होता. आपल्याकडचे व्यापारी, पेढीवाले, सावकार यांच्यासाठीचे जे शब्द इंग्रजीत गेले, त्यांच्यावर. ग्रंथ छापखान्यात होता. वर नाव कोणतं घालायचं, एवढंच कळवायचं राहिलं होतं.

“कोणते कोणते शब्द गेले?” अप्पांनी विचारलं.

“वाण्याचा झाला बनियन. सराफाचा श्रॉफ. दक्षिणेतला चेट्टी गेला. आणि आमचा सावकारही गेला.”

“बरे गेले की. एवढा लांबचा प्रवास.”

“गेले खरे. पण तिथं त्यांचं काय झालं ते मी वाचलंय, अप्पा. जुनी पत्रं, प्रवासवर्णनं, कोश, सगळं. कुठं लबाड, कुठं गोडबोल्या, कुठं रक्त पिणारा. सावकार म्हटलं की पुढे शिवी ठरलेली. आणि त्या पुस्तकावर मी माझंच नाव सावकार म्हणून घालू?”

अप्पांनी एक खडा उचलून बाजूला टाकला.

“तुझ्या पुस्तकात तू काय लिहिलंस?”

“त्यांनी आपला माल नेला, तसे शब्दही नेले. वापरले आणि वर चिखल फासला. हेच लिहिलंय.”

“सगळ्यांनाच फासला?”

वीरभद्रानं सुपातला एक दाणा बोटांत घेतला.

“एक झाड आहे. वड. त्याला इंग्रजीत बनियन ट्री, म्हणजे वाण्यांचं झाड म्हणतात.”

“का?”

“इराणच्या एका बंदरात आपले वाणी वडाखाली बसायचे. देवही तिथंच मांडला होता. येणाऱ्याजाणाऱ्या गोऱ्यांनी झाडालाच वाण्यांचं नाव दिलं.”

“शिवी म्हणून?”

“नाही… ओळख म्हणून.”

“हं.”

अप्पा पुन्हा गहू निवडू लागले. मागच्या अंगणात चुलवण पेटलं होतं. त्या दिवशी अमावास्या होती. मठात अमावास्येला दासोह असायचा. येईल त्याला पोटभर जेवण. कोण, कुठला, असं विचारायचं नाही.

“वीरभद्रा, एवढे शब्द तू गोळा केलेस. त्यातला एखादा कधी तुझ्या कामी आला?”

“म्हणजे?”

“तुझ्या. अभ्यासाच्या नव्हे.”

वीरभद्रानं अंगणाकडे पाहिलं. मग खालच्या आवाजात म्हणाला, “एकदा आला.”

“सांग.”

“हाँगकाँगला होतो. तिथं एक वर्ष शिकवत होतो. आम्ही नवराबायको दोघंच, शैलजा आणि मी. एका सकाळी तिच्या पोटात असं दुखायला लागलं की ती जमिनीवरून उठेना. जवळच होता त्या छोट्या दवाखान्यात नेलं, दारावरच्या कुणालाच इंग्रजी येत नव्हतं. त्यांनी तिला ढकलगाडीवर घातलं आणि आत नेलं. माझ्या हातात कागद दिले. कुठं द्यायचे ते सांगणाऱ्याची भाषा मला येईना, माझी त्याला येईना. या दारातून त्या दारात फिरलो. शैलजा कुठल्या मजल्यावर आहे तेही कळेना. पाच भाषा येतात मला, अप्पा. त्या दिवशी एकही उपयोगाची नव्हती.”

“मग?”

“एका भिंतीत खिडकी होती. वर पाटी. चिनी अक्षरं, आणि खाली इंग्रजीत एकच शब्द. श्रॉफ.”

अप्पांचा हात सुपावर थांबला.

“तिकडे अजून पैसे भरायच्या खिडकीला श्रॉफच म्हणतात. मला ते ठाऊक होतं, मी स्वतःच त्यावर टिपण केलं होतं. पण त्या वेळी टिपण आठवलं नाही. मी मोठ्यानं वाचलं, सराफ. आणि… मला वाटलं, आत आपलं कुणीतरी असेल. सुमनआत्याच्या सासरचे सराफ. लातूरच्या गोलाईतल्या पेठेतलं त्यांचं दुकान, गादीवर बसलेले मामा. मी खिडकीशी गेलो आणि मराठीत बोलायला लागलो.”

“आत कोण होतं?”

“एक चिनी बाई. केस पिकलेले. तिला काय कळणार? मी वर पाटीकडे बोट दाखवत होतो, मग छातीवर हात ठेवत होतो. हा माझ्याकडचा शब्द, माझ्याकडचा, असं सांगत होतो. आणि रडत होतो. पन्नाशीला आलेला माणूस.”

वीरभद्र जरासा हसला. हसू टिकलं नाही.

“ती खिडकी बंद करून बाहेर आली. माझ्या हातातले कागद घेतले, वाचले. माझा दंड धरला आणि मला जिन्यानं वर घेऊन गेली. शैलजा तिथं होती. शस्त्रक्रिया चालू होती. ती बाई माझ्याशेजारी बाकावर बसून राहिली. जाताना आपल्या डब्यातलं एक संत्रं माझ्या हातात ठेवून गेली. तासाभरानं डॉक्टर आले, म्हणाले, धोका टळला. आणखी थोडा उशीर झाला असता तर अपेंडिक्स आतल्या आत फुटलं असतं.”

“त्या बाईचं नाव?”

“विचारलं नाही.”

“नंतर भेटलास?”

“गेलो होतो. खिडकीत दुसराच माणूस होता.”

अप्पांनी सूप खाली ठेवलं. हातांची धूळ उपरण्याला पुसली. मग हात जोडून डोळे मिटले. समोर कुणी नव्हतं, एक भिंत तेवढी होती. तरी त्यांनी वाकून नमस्कार केला.

वीरभद्र बघत राहिला.

“सराफ हा शब्द आपला कधीपासून?” डोळे उघडून अप्पांनी विचारलं.

“आपला नाही. मुळात अरबी.”

“मग अरबांना तो आपण परत कधी केला?”

“शब्द परत करायचा नसतो, अप्पा. देणाऱ्यानं दिला तरी त्याच्याजवळ तो राहतोच. घेणाऱ्याकडेही…”

बोलता बोलता वीरभद्र थांबला.

“थांबलास का? पुढे म्हण.”

“नाही. माझ्या पुस्तकात मी ‘नेले’ असं लिहिलंय. पानोपानी.”

अप्पा उठले.

“नाव देतो मी तुला. पण जुनं नाव ज्याच्याकडून मिळालं त्याला आधी विचारून ये. अण्णा मागं चुलीपाशी आहेत.”

अण्णा म्हणजे वीरभद्राचे वडील, संगप्पा सावकार. दुकान पुतण्यांच्या हाती दिल्यापासून दर अमावास्येला ते मठात येत आणि भोपळा चिरायला बसत. ऐंशीच्या घरातले. कानांनी कमी ऐकू येई, त्यामुळे सगळ्यांशी मोठ्यानं बोलत.

वीरभद्र त्यांच्याजवळ जमिनीवर बसला. आडनाव बदलायचं मनात आहे, हे सांगायला त्याला दोनदा सुरुवात करावी लागली.

अण्णांची विळी चालूच होती.

“पुस्तकात आहे तरी काय?”

“गोरे लोक आपल्याला काय म्हणायचे, ते.”

“वाईट म्हणायचे?”

“बहुतेक वाईटच.”

“गावातबी म्हणायचे की. माझ्या तोंडावर नाही म्हणायचे. तुझ्या आईला आडावर ऐकावं लागायचं. आणि काही खोटं नव्हतं रे. आपल्यातबी होते तसे. माझा चुलता होता.”

“मग तुम्हाला कधी वाटलं नाही, हे नाव टाकावं?”

अण्णांनी भोपळ्याची फोड परातीत टाकली. पोराकडे न बघता बोलले.

“दारात येऊन माणसं हाक मारायची, ‘सावकार’. कुणी रागात मारायचा, कुणी अडला म्हणून. तू पोटात होतास त्या साली शिदराम कोळ्याची लेक अडली होती. त्यानं पहाटे येऊन हाक मारली, ‘सावकार, गाडी जुंपा’. जुंपली. लेक वाचली, नातू वाचला. आणि तोच शिदराम त्याआधी मला चावडीवर शिव्या घालून गेला होता. तोंड तेच, नाव तेच. मी नाव टाकलं असतं तर त्या पहाटे त्यानं कुणाला उठवलं असतं?”

वीरभद्रानं खाली पडलेली एक फोड उचलून परातीत टाकली.

“पण तू बदल,” अण्णा म्हणाले. “तुझं पुस्तक हाय. मला काही वाटायचं नाही. नाव काय, हाकेपुरतं.”

मग जरा वेळानं त्यांनीच विचारलं, “सूनबाईला त्या मुलखात वाचवलं, ते तू अप्पांना सांगत होतास. पाणी द्यायला आलेल्या पोरानं मला थोडं थोडं सांगितलं. पाटीवर काय होतं म्हणालास?”

“श्रॉफ.”

“सॉफ.”

“श्रॉफ, अण्णा.”

अण्णांनी पुन्हा प्रयत्न केला. दाताविना तो शब्द निघेना. ते हसायला लागले, वीरभद्रही हसला. शेवटी अण्णा म्हणाले, “सराफच म्हणतो मी. पोचायचा तिथं पोचला म्हणजे झालं.”

वीरभद्रानं त्यांच्यापुढची विळी आपल्याकडे ओढली आणि उरलेला भोपळा चिरून दिला. फोडी वेड्यावाकड्या झाल्या. अण्णांनी त्या तशाच परातीत सारल्या.

तो परत आला तेव्हा अप्पा ओसरीवर उभे होते. पंगत बसत होती. ऊसतोडीची माणसं होती, एसटीतून उतरलेले वाटसरू होते, बाजाराला निघालेल्या दोन बोहारणी होत्या. पत्रावळी मांडून झाल्या होत्या.

“विचारलंस?”

“हो.”

“काय म्हणाले?”

“बदल म्हणाले.”

“मग देऊ नाव?”

वीरभद्रानं मान हलवली. नको, अशी.

“सावकार हा शब्द कशापासून आला, हे मी ग्रंथात लिहिलंय, अप्पा. साधू म्हणजे भला, त्यापासून साहू, आणि साहूपासून साहुकार, सावकार. भलं करणारा. ते पान मी लिहिलं आणि उलटून पुढे गेलो. तिथं थांबावं असं वाटलं नाही.”

अप्पांनी वाऱ्यानं उलटलेली एक पत्रावळ सरळ केली.

“जुनंच नाव राहू दे. वीरभद्र संगप्पा सावकार. आणि पुस्तक मी छापखान्यातून परत मागवतो. पुन्हा लिहायला लागेल.”

“वेळ जाईल.”

“जाऊ दे.”

हुग्गीचा, म्हणजे गव्हाच्या खिरीचा, आणि उकळत्या वरणाचा वास ओसरीभर पसरला होता.

“एक मात्र कळत नाही,” वीरभद्र म्हणाला. “पुस्तकाच्या सुरुवातीला आभाराचं एक पान असतं. आता तिथं लिहावं असं खूप वाटतंय. पण लिहू कुणाची नावं? तो शब्द पहिल्यांदा उच्चारणारा अरब. तो ऐकणारा आपला वाणी. जहाजावर घेऊन जाणारा खलाशी, तो कदाचित शिवीच देत असेल. पाटी रंगवणारा. खिडकीतली ती बाई. इतकी माणसं लागली, अप्पा, शैलजापर्यंत मला पोचवायला… आणि मला त्यातल्या एकाचंही नाव ठाऊक नाही. आभार मानायचे तरी कुणाचे?”

अप्पा चुलीकडे गेले. वरणाची बादली दोन्ही हातांनी उचलून आणली, वीरभद्रापुढे ठेवली आणि पळी त्याच्या हातात दिली.

“पंगत बसलीय. यांची नावं मलाही ठाऊक नाहीत. वरण गरम आहे, वाढ.”