मंत्र्यांचं शेवटचं दृश्य

माहितीपट करण्यात वसुधा खेडकरांची पंचवीस वर्षं गेली होती. आंबेदरा गावच्या पाणीटंचाईवरचा त्यांचा नवा माहितीपट पाहून मंत्री भर सभागृहात भडकले. "खोटं दाखवता तुम्ही. तिथं घरोघरी नळ आहेत."

वसुधाताई शांतपणे म्हणाल्या, "मग शेवट बदलते, साहेब. त्या नळाचं पाणी पिताना तुमचं दृश्य घेऊ. पुढच्या सोमवारी येता?"

समोर पत्रकार बसले होते. मंत्र्यांना हो म्हणावं लागलं, आणि दोन वर्षं कोरडे असलेले नळ आठवड्यात वाहू लागले.

सोमवारी गावातल्या म्हाताऱ्या तान्हाबाईंनी भरलेला पहिला तांब्या मंत्र्यांसमोरून पुढं नेऊन वसुधाताईंच्या हातात दिला.

"तुमच्यामुळं आलंय हे, ताई. आधी तुम्ही प्या. साहेबांच्या घरी रोजच येतं."