चिंचेचं वय

हे कुणाला सांगायचं नाही, असं यमुनाकाकूंनी मला बजावलं होतं. तरी सांगते.

महामार्गात काकूंचं शेत गेलं, तेव्हा झाडांची भरपाई ठरवायला साहेब आले. चिंच बघून हसले. “हे पाच वर्षांचं झुडूप. याचं काय द्यायचं?”

“नऊ वर्षांची आहे, साहेब.”

“बाई, खोड बघून वय सांगतो मी! पुरावा आहे तुमच्याकडे?”

“आहे की. माझं तान्हं लेकरू इथं पुरलं, त्याच दिवशी वर हे रोप लावलं. मुळाशी खणा, सापडेल पुरावा. पण कुदळ तुम्हीच मारा.”

साहेबांनी नऊ लिहिलं.

चिंच तोडलीच. मग डांबर पडेपर्यंत काकू रोज दुपारी त्या जागेवर छत्री धरून बसायच्या. “ऊन सोसत नाही गं त्याला,” म्हणायच्या, आणि मीही मग शाळेतून येताना... आले, काकू, आले!