पाहुण्यांचे तळे

मुलांनो, डोंगरांच्या कुशीत एक तळे होते. इतके शांत, की आभाळच त्यात उतरून झोपी गेले आहे असे वाटे. तळ्याच्या काठाने उंच, हिरव्या पाणकणसांचे दाट रान होते. त्या रानाच्या आडोशाला एक बगळा, एक पाणकोंबडी आणि आणखी पुष्कळ पाणपक्षी राहत. थंडी पडली की दूरच्या बर्फाळ देशांतून रानबदकांचे थवे तिथे मुक्कामाला येत. पाणपक्षी त्यांची मनापासून सरबराई करीत. जाताना बदके पंखांत अडकून आलेले परदेशी बी काठावर झाडून जात. मग वसंतात तिथे निळी-जांभळी फुले उमलत आणि त्यांच्या दाण्यांवर साऱ्यांची पोटे भरत.

एकदा बगळ्याच्या मनात आले, की पाहुणे आणखी वाढवावेत. तो सगळ्यांना म्हणाला, "आपण त्यांच्यासाठी घरे बांधू. जितकी घरे जास्त, तितके पाहुणे जास्त!" सगळ्यांना ते पटले. पाणकणसे मुळांसकट उपटून जो तो घर बांधू लागला, आणि प्रत्येकाला शेजाऱ्यापेक्षा मोठे घर हवे होते. बघता बघता काठ उघडा पडला. पाणकोंबडी मात्र आपल्या कोपऱ्याला कोणाला हात लावू देईना. "बगळेदादा, एवढं राहू द्या," ती म्हणाली. "माझी पिल्लं ह्यातच वाढली." बगळा हसून म्हणाला, "मग तुझ्याकडे कोण येणार, ताई?"

हिवाळा आला. एका धुक्याच्या सकाळी बदकांचा थवा तळ्यावर घिरट्या घालू लागला. बगळा आपल्या घराच्या छपरावर उभा होता. वरून एक आवाज आला, "हे आपलं तळं नव्हे. आपण वाट चुकलो वाटतं."

"अहो, हेच ते! उतरा, उतरा!" बगळा घसा सुकेपर्यंत ओरडला. पण जाग आल्यावर स्वप्न विरावे, तसा तो थवा धुक्यात विरून गेला.

एक थकलेले म्हातारे बदक तेवढे मागे राहिले. ते हळूच पाणकोंबडीच्या कोपऱ्यात उतरले. बगळा धावतच तिथे गेला. "आजोबा, माझ्याकडे चला. ऐसपैस घर आहे, मऊ अंथरूण आहे."

बदकाचे डोळे मिटत आले होते. ते म्हणाले, "घर छानच असेल, बाळा. पण घरं आमच्याही देशात आहेत. एवढं उडून मी येतो, ते ह्या पात्यांची सळसळ ऐकत झोपायला." आणि ते झोपी गेले.

बगळा तिथेच उभा राहिला. जन्मभर ज्या सळसळीत तो वावरला होता, ती त्याने त्या दिवशी पहिल्यांदा कान देऊन ऐकली. मग परत जाऊन त्याने स्वतःच्या चोचीने आपले घर मोडले आणि पाणकोंबडीकडून पाणकणसांची मुळे मागून आणून तो ती चिखलात रोवू लागला. ते पाहून एकेक करून बाकीचेही आले.

थंडी सरली. निघताना म्हाताऱ्या बदकाने विचारले, "आमच्या माणसांना सांगू का, तळं सापडलं म्हणून?"

बगळा मानेपर्यंत चिखलाने माखला होता. तो म्हणाला, "एवढ्यात नको, आजोबा. पाती तुमच्या डोक्याच्या वर वाढू देत, मग सांगा."

बदकाने मान डोलावली आणि ते उत्तरेकडे उडाले. बगळा पुन्हा चिखलात वाकला.

तात्पर्य : पाहुणा ज्याच्या ओढीने येतो, तेच मोडून त्याच्यासाठी घर बांधू नये.