न तोडलेली फुलं

वस्तीमागचा उकिरडा केराबाई आणि तिच्या शेजारणींनी उपसला आणि तिथे भाजी लावली. वर्षभर वीस घरांच्या चुली तिच्यावर चालल्या. मग नगरपालिकेचे उद्यान अधीक्षक टिपणीस आले. नगरपालिकेच्या जागेत भाजी त्यांना रुचेना. त्यांनी सगळं उपटायला लावलं आणि आपल्या सहीची पाटी ठोकली : ‘येथे फक्त फुलझाडे लावावीत. फूल तोडल्यास जागा काढून घेतली जाईल.’

बायकांनी मुकाट्याने पुन्हा बी पेरलं. दीड महिन्याने टिपणीस आले, तर वाफे फुलांनी भरलेले. “पिवळी जास्वंद झकास आलीय!” म्हणत त्यांनी फोटोही काढून घेतला.

पंधरवड्याने येऊन बघतात, तर त्याच झाडांना भेंड्या!

“ही फुलझाडं?” ते कडाडले. “जागा आजच रिकामी करा!”

“का म्हणून, साहेब?” केराबाई म्हणाली. “फुलं तुम्ही स्वतः बघून गेलात. पाटीला मान देऊन आम्ही एकाही फुलाला हात लावला नाही. न तोडलेल्या फुलाचं पुढं असंच होतं.”

टिपणीस पाटी पुन्हा वाचू लागले. तेवढ्यात केराबाईने ओंजळभर भेंड्या तोडून त्यांच्यापुढे धरल्या.

“घ्या. भेंडी तोडू नये, असं कुठं लिहिलंय?”