टेहळकड्यावरच्या शेपट्या

आंबेदऱ्याच्या वरच्या अंगाला, जिथं डांबरी संपते आणि सड्याचं गवताळ पठार सुरू होतं, तिथं कड्याच्या अगदी काठावर एक सपाट कातळ आहे. चार माणसं मांडी घालून बसतील एवढा. त्यावर छिन्नीनं कोरलेल्या पाखरांच्या शेपट्या आहेत. नुसत्या शेपट्या, ना डोकं, ना पंख. एक मधोमध फाटलेली, एक पंख्यासारखी गोल, एक लांब आणि अरुंद. गळ्यात दुर्बीण अडकवून येणारी शहरातली मंडळी आधी त्यांचे फोटो काढतात आणि मग विचारतात, हे कोणत्या देवाचं ठाणं? गेल्या थंडीत एका गृहस्थांनी अर्धा तास एका काळ्या गरुडाचं वर्णन वहीत उतरवून घेतलं, आणि शेवटी तो वाऱ्यावर चढलेला प्लॅस्टिकचा कागद निघाला. त्यांच्याबरोबरचे पोट धरून हसले. गावातलं मात्र कुणी हसलं नाही. पाखरू ओळखण्यात चुकलेल्या माणसाला आंबेदऱ्यात हसत नाहीत. त्याला कारण आहे, आणि ते याच कातळावर घडलं, असं जुनी माणसं सांगतात.

फार पिढ्यांमागे या गावात धाकू नावाचा धनगर होता. गावानं त्याला टेहळणीचं काम दिलं होतं. कातळावर बसायचं, आभाळ बघायचं आणि खाली वाडीत कोंबड्यांची पिल्लं मोकळी असतील तर कोणतं पाखरू येतंय ते ओरडून सांगायचं. हाताशी गोफण. त्याचा डोळा असा होता म्हणे, की दुसऱ्याला ठिपका दिसायच्या आत त्याच्या तोंडून नाव निघायचं. घारीची शेपटी फाटलेली, आणि उडताना ती वल्ह्यासारखी सारखी पिळत राहते. शिक्र्याचे पंख आखूड, शेपटी लांब. चार-पाच वेळा फडफडतो आणि मग तरंगतो. ससाण्याचे पंख कोयत्यासारखे टोकदार. कापशी हवेत एकाच जागी थबकून पंख हलवते. आणि सर्पगरुड म्हणजे रुंद पंख, जरासे वर उचललेले, त्यांच्या खालून पांढरा पट्टा, पंख्यासारखी गोल शेपटी आणि दरीभर घुमणारी शीळ. सर्पगरुडावर आंबेदऱ्यात कुणी दगड उचलत नसे. तो साप खातो, कोंबडीकडे ढुंकूनही बघत नाही.

हे सगळं धाकूला पाठ होतं, पण पाठ असलेलं सगळं माणूस दरवेळी पडताळून बघतोच असं नाही. वर्षानुवर्षं कापड विकणारा एका चिमटीत पोत सांगतो, आणि एखाद्या दिवशी त्या चिमटीवरच फसतो. धाकूला वाटायचं, आपल्याला एक खूण पुरते. त्याची बायको भागाबाई ही त्या खोऱ्यातली नावाजलेली सुईण. ती त्याला चिडवायची, "पोटाला नुसता हात लावून मी मुलगा का मुलगी सांगत न्हाई. तुम्ही बरं येका शेपटीवर सांगता."

"तुझं पोटातलं, माझं आभाळातलं," धाकू म्हणायचा. "माझं उघड्यावर हाय."

त्यांना एकच लेक, साळू. भाऊ नाही. ती आठ-नऊ वर्षांची असताना वादळात पडलेल्या झाडाखाली तिला सर्पगरुडाचं पिल्लू सापडलं. तिनं ते बेडूक-सरडे चारून वाढवलं आणि त्यालाच दादा म्हणायला लागली. भाऊबीजेला त्याला ओवाळायची. धाकूनं आपली सगळी विद्या तिला त्या पाखरावरच शिकवली. मोठा झाल्यावर दादा रानात हिंडायचा, पण साळूनं शीळ घातली की येऊन धाकूच्या शेजारी, याच कातळावर उतरायचा.

साळूचं लग्न मावळतीकडच्या दोन डोंगरांपलीकडे झालं. वाटेत नदी. पाऊसकाळात चार महिने इकडचं माणूस तिकडे नाही. ती गेली आणि आठवड्यात दादाही तिच्यामागे गेला. पहिल्या दिवाळीला दादाला घेऊन आली तेव्हा ती म्हणाली, "बा, पाण्यापायी वाट बंद असली आन् मला आईची गरज लागली, तर ह्याच्या पायाला माझ्या हिरव्या खणाची पट्टी बांधून सोडीन. हा तुमच्याकडंच येईल. दुसरीकडं जायला त्याला ठिकाण हाय कुठं?"

पुढच्या वर्षी तिला दिवस गेले. पहिलं बाळंतपण माहेरी, आणि आई स्वतः सुईण; तेव्हा काळजी कसलीच नव्हती. नदी उतरली की नवरात्राआधी जाऊन आणायचं ठरलं. नववा महिना लागायला अजून अवकाश होता. भागाबाईनं खारीक फोडून ठेवली, डिंक निवडला, मऊ लुगड्याची बाळोती फाडून धुऊन वाळवली.

भाद्रपद सरता सरता घाटाखालून पाटलांचे पाहुणे आले. त्यांनी धाकूचं नाव ऐकलेलं. ऊन कलल्यावर पाटील त्यांना घेऊन कातळावर आले. भागाबाई ताक घेऊन आली होती. त्याच आठवड्यात घारीनं वाडीतली सात पिल्लं उचलली होती, आणि त्यावरून धाकूला बोलणी बसत होती.

"काय धाकूदादा," एक पाहुणा म्हणाला, "पाखरं आता तुम्हाला विचारून पिल्लं नेतात म्हणं?"

सगळे हसले. धाकूही हसला, पण कानापर्यंत लाल झाला. तेवढ्यात मावळतीच्या डोंगरावरून एक पाखरू निघालं. सूर्य त्याच्या पाठीमागे. रंग कळेना, पट्टा कळेना. नुसती काळी आकृती, आणि शेपटी मधोमध फाटलेली.

"घार," धाकू म्हणाला. गोफणीत दगड बसला होता.

"बघा की नीट," भागाबाई म्हणाली. "शेपटी पिळत न्हाई ती."

"फाटलेली दिसती न्हवं? मग बास."

पाखरू सरळ कातळाकडेच येत होतं, खाली, माणसाच्या डोक्याच्या उंचीला. पाहुणा म्हणाला, "भलतीच धीट हाय की घार. तुमच्याच अंगावर चालून आली." पुन्हा हशा पिकला. पाखरानं शीळ घालायला चोच उघडली असेल, नसेल. धाकूची गोफण फिरली. दगड वर्मी बसला. पाखरू पंख मिटून कड्याखाली दरीत कोसळलं. पाहुण्यांनी शाबासकी दिली. पाटलांनी स्वतःचा फेटा काढून धाकूच्या डोक्यावर ठेवला. भागाबाई तेवढी काठापर्यंत जाऊन खाली बघत राहिली. दरीत कारवी माजलेली, काही दिसलं नाही.

पाच दिवसांनी, रात्री दरीत मध काढायला उतरलेला एक कातकरी पहाटे वर आला. त्याच्या हातात वाळून गेलेला सर्पगरुड होता. तो म्हणाला, "दादानू, याच्या पायाला कापड बांधलंय. कुणाचा पाळलेला व्हता का?"

हिरवा खण होता.

भागाबाई तशीच निघाली. धाकू मागून. नदी कंबरेइतकी उतरली होती. दोघं पहाटे चालायला लागले ते सूर्य माथ्यावर यायच्या आत साळूच्या दारात पोचले. म्हणजे वाट अर्ध्या दिवसाची होती. दार उघडं होतं, आणि ओसरीवर पुरुष डोकी भादरून बसले होते.

साळूला आठव्यातच कळा सुरू झाल्या होत्या. मूल आडवं. तिथल्या बायकांच्या हाताला काही येईना. साळूनं त्या दुखण्यातच उठून गरुडाच्या पायाला पट्टी बांधली. नदीला त्या दिवशी पूर होता; दुसऱ्या दिवशी तो ओसरला, पण गरुड गेलाय म्हणून कुणी माणूस धाडलं नाही. तीन दिवस ती तशीच तळमळली. आधी मूल गेलं, मग ती.

"शेवटपर्यंत घाबरली न्हाई वो," तिची सासू भागाबाईला सांगत होती. "आम्ही म्हटलं, पोरी, गरुड मागारी आला न्हाई. तर म्हणाली, आला न्हाई म्हंजे आईला वाट दाखवत संगं येतोय. आई निघाली असंल. दर थोड्या वेळानं विचारायची, नदीवर कुणी दिसतंय का?"

मग सासूनं आत जाऊन साळूच्या उशाखालचं काहीतरी आणलं. "पट्टी बांधताना जोराची कळ आली. पाखरू हातातून निसटायला लागलं म्हणून तिनं शेपटी धरली. मधलीच दोन पिसं उपटून हातात आली. 'दादाला लागलं गं,' म्हणून केवढी रडली. परत आला की दाखवीन म्हणून जपून ठेवली व्हती."

रुंद, तपकिरी, पांढऱ्या पट्ट्याची दोन पिसं. शेपटीच्या मधोमधची.

धाकूनं ती हातात घेतली आणि तिथंच खाली बसला.  

परतल्यावर त्यानं पाटलांचा फेटा त्यांच्या दारात ठेवला. लोहाराकडून छिन्नी मागून आणली आणि कातळावर शेपट्या कोरायला बसला. ज्या ज्या पाखराची शेपटी त्याला ठाऊक होती ती ती कोरली. गोल शेपटी कोरायला त्याला दोन महिने लागले म्हणतात. मधल्या दोन पिसांपाशी आला की हात थांबायचा. भागाबाई त्याला जेवायला वाढायची, पण त्याच्याशी एक शब्द बोलत नव्हती.

माघात पुन्हा एक पाखरू वाडीवर घिरट्या घालायला लागलं. पोरं गोफणी घेऊन वर धावली आणि धाकूकडे बघत उभी राहिली. धाकूनं या वेळी घाई केली नाही. शेपटी सांगितली. पंख सांगितले, मनगटापाशी मोडल्यासारखे. उडण्याची तऱ्हा सांगितली. आवाज येईपर्यंत थांबला आणि तोही सांगितला. घारच होती, शंकेला जागाच नव्हती. पोरांनी दगड भरले.

तेव्हा मागून भागाबाईचा आवाज आला. पाच महिन्यांत पहिल्यांदाच ती त्याच्याशी बोलत होती.

"आन् हाय कुणाची ती?"

धाकूनं वर बघितलं.  आभाळात फिरणाऱ्या पाखराकडे बघून हे कसं सांगणार? त्यानं पोरांच्या हातातल्या गोफणी एकेक करून घेतल्या आणि खाली ठेवल्या. त्या दिवशी घारीनं तीन पिल्लं नेली. गावानं ती जाऊ दिली.

आजही आंबेदऱ्यात पिल्लांवर पाखरू आलं की आधी कुणीतरी कातळावर चढतं आणि मोठ्यानं खुणा सांगतं: शेपटी, पंख, चाल, आवाज. चारही बरोबर जमल्या की तिथं असलेल्यांतली सगळ्यात वडील बाई पाचवा सवाल करते, कुणाचं आहे? सगळे हातातले दगड खाली ठेवतात. मग बाया खाली उतरतात आणि उरलेली पिल्लं डालग्याखाली झाकतात.