गुळगुळीत पाणी

एका समुद्रात, काळ्या खडकांच्या कपारीत, एक कासवीण राहत असे. तिच्या पोटात अंडी होती आणि ती घालायला समोरच्या वाळूवर जायचे होते. मधले पाणी मात्र शार्क माशांचे! खडकावर एक कुरव पक्षी बसे. पाण्यावर शार्कचा पर दिसला की तो ओरडे आणि सगळे लपत. डोळे काय ते आपल्यालाच, असा त्याचा तोरा होता.

मुलांनो, त्या दिवशी सकाळी एक शार्क भोवऱ्यासारखा गरगरत पाण्याबाहेर उडाला. धप्प! "पळा, पळा!" कुरव ओरडला. लहान मासे उधळले, पण लगेच परत जमले. कासविणीकडे त्या शार्कने ढुंकूनही पाहिले नाही. म्हणतात ना, गर्जेल तो पडेल काय! दुपारी ठिपक्याठिपक्यांचा एक अवाढव्य शार्क वर आला आणि आ वासून संथ पोहत राहिला. कुरवाने पुन्हा आकाशपाताळ एक केले. त्या धुडाच्या पोटाखाली लहान मासे मात्र खुशाल हिंडत होते. कासविणीने ते नीट पाहून ठेवले.

संध्याकाळी पाणी तेलासारखे गुळगुळीत झाले. "नीघ ग ताई, एकही पर नाही!" कुरव म्हणाला. आणखी उशीर झाला असता तर अंडी पाण्यातच पडून वाया गेली असती. तरी कासवीण थबकली. "अरे, लहान मासे कुठे गेले?"

"झोपले असतील! अंडी घालायचीत की पंचांग बघायचंय? थांब, मीच बसून दाखवतो." असे म्हणून कुरव ऐटीत पाण्यावर उतरला.

त्याच्याखालचे पाणी आवाज न करता फुगले. तळातून एक शार्क सरळ वर आला, अख्खाच्या अख्खा हवेत गेला आणि कोसळला. कुरवाला ओरडायलाही वेळ मिळाला नाही. पाणी पुन्हा गुळगुळीत झाले. त्यावर एक पांढरे पीस गोल गोल फिरत होते.

कासवीण कपारीत आणखी आत सरकली. बऱ्याच वेळाने कपारीपाशी एक लहान मासा आला, मग दुसरा, मग सगळा थवाच आला. तेव्हा कुठे ती निघाली. वाळूत खड्डा करून तिने अंडी घातली आणि मागे वळून पाहिले. खडकावर दुसरा कुरव येऊन बसला होता. तो म्हणत होता, "एकही पर नाही, खुशाल या!"

तात्पर्य : गाजावाजा करत येणाऱ्या संकटाला सगळेच भितात, पण सगळे अचानक गप्प झाले, तर शहाण्याने आधी पाऊल मागे घ्यावे.