तीनची पुसणी

एकदा एका बाजारपेठेच्या गावी एक वृद्ध डॉक्टर होते, आणि ते रुग्णाचा ताप उतरवायला तयार नव्हते. अशा डॉक्टरला गाव काय म्हणेल ते मी सांगायला नको. पण त्यांनी आयुष्यभर वैद्यकीय महाविद्यालयात शिकवलेलं, पंचक्रोशीतले निम्मे डॉक्टर त्यांच्या हाताखालून गेलेले, त्यामुळे लोक बोलायचं ते पाठीमागे बोलत. सगळे त्यांना आबा म्हणत. निवृत्तीनंतर ते गावच्या धर्मादाय रुग्णालयाच्या अतिदक्षता विभागात रोज सकाळी एक फेरी मारीत आणि मोबदल्यात बिनसाखरेचा एक कप चहा घेत.

सहा खाटांच्या त्या विभागाची खरी जबाबदारी होती त्यांच्या शिष्येवर, डॉक्टर प्रणितावर. हुशार मुलगी, कामाला वाघ. नेमणूक मात्र वर्षाच्या कराराची, आणि करार पुढे चालवायचा की नाही याचा निर्णय महिनाअखेरीस विश्वस्तांच्या बैठकीत व्हायचा होता. घरी वडील अंथरुणाला खिळलेले. नोकरी गेली असती तर तिला गाव सोडावं लागलं असतं, आणि वडिलांना घेऊन कुठे जाणार हा प्रश्न तिच्या उशाशी रोज बसलेला असे.

तिसऱ्या खाटेवर भागीरथीबाई होत्या. वय पासष्टच्या आसपास. न्यूमोनियाने पार खचल्या होत्या, पण नवव्या दिवशी श्वासाचं यंत्र निघालं, दोन घोट पेज पोटात गेली, बारीक आवाजात बोलू लागल्या. सगळ्यांना हायसं वाटलं, आणि दहाव्या दिवशी ताप आला. गावातले मोठे डाळमिलवाले काशिनाथअप्पा शेठ हे त्यांचे धाकटे भाऊ. आई गेली तेव्हा ते तीन वर्षांचे होते आणि ही बहीण अकराची. तिने त्यांना कडेवर घेऊन वाढवलं. शेठ जगावर डाफरत, पण अक्कासमोर पायातल्या वहाणा काढून उभे राहत.

रुग्णांना भेटायची वेळ दुपारी चारची. शेठ चारला येत, अक्काच्या कपाळावर तळहात ठेवीत आणि खाटेला लटकवलेला तापाचा तक्ता वाचीत. ताप आला त्या दिवशी त्यांनी अख्खा विभाग डोक्यावर घेतला. ते स्वतः एक विश्वस्त, विभागातली यंत्रं त्यांनी दिलेली, दारावरच्या संगमरवरी पाटीवर त्यांच्या वडिलांचं नाव. ‘ही यंत्रं काय शोभेला ठेवलीत?’ असं ते म्हणाले, आणि विश्वस्तांचे अध्यक्ष प्रणिताला बाजूला घेऊन म्हणाले, ‘शेठना वाईट वाटेल असं काही दिसायला नको, मॅडम.’

आता ऐका. त्या विभागात एक जुनी रीत होती. सिस्टर लोक तिला ‘तीनची पुसणी’ म्हणत. चारला नातेवाईक येणार, म्हणून तीन वाजता ज्याला ताप असेल त्याला पॅरासिटामॉलची बाटली लावायची, पंखा पूर्ण सोडायचा, बर्फाच्या पाण्यात कापड पिळून अंग पुसायचं आणि मग काखेत थर्मामीटर ठेवायचा. चारला तक्त्यावर आकडा कसा गुळगुळीत दिसायचा. पाच वाजता ताप पुन्हा जिथल्या तिथे, पण तेव्हा बघायला कोण असतं? प्रणिताला ही रीत कधी आवडली नव्हती, आणि अक्कांना ताप आला त्या दिवशी गडबडीत ती राहूनही गेली होती. तरी अध्यक्षांच्या त्या बोलण्यानंतर तिने स्वतः सिस्टरना सांगितलं, ‘तीन नंबरची पुसणी चुकवू नका.’

आबा तीन दिवस लेकीकडे गेले होते. परत आल्यावर सकाळी आठच्या फेरीत त्यांनी सहाही खाटांचे तक्ते काढले, एका ओळीत मांडले आणि चष्मा कपाळावर चढवला.

‘काय गं,’ ते म्हणाले, ‘या सगळ्यांना रोज चार वाजता बरं वाटायची सवय कुणी लावली?’

प्रणिताने मान खाली घातली. आबा तिला एका शब्दानेही रागावले नाहीत. त्यांनी एक लाकडी स्टूल मागवलं, भागीरथीबाईंच्या पायथ्याशी ठेवलं आणि कोरा कागद तिच्या हातात दिला. म्हणाले, ‘तापाचं औषध बंद. पुसणी बंद. इतर औषधं नेहमीच्या वेळी चालू दे. काखेतला थर्मामीटर काढ, पंख्याखाली काख काय खरं बोलणार, जिभेखाली लाव. आणि तू इथे बस. बघायचं, लिहायचं. बाकी काही करायचं नाही.’

‘सर, ताप एकशे दोनवर गेला तर?’

‘जाऊ दे.’

‘आणि शेठ आले तर?’

‘येऊ दे.’

प्रणिताच्या डोक्यात तिडीक गेली. सहा रुग्ण, शंभर कामं, आणि हा माणूस आपल्याला शाळेतल्या पोरासारखं स्टुलावर बसवतो. तिने जरा चढ्या आवाजातच विचारलं, ‘म्हणजे रुग्ण जळत असेल तरी मी नुसती बसू?’

आबा दारापर्यंत गेले होते, ते परत आले. ‘नाडी, रक्तदाब, लघवी, शुद्ध, यातलं काहीही ढळलं तर क्षणात मला बोलाव. नुसत्या आकड्यासाठी बोलावू नकोस. बाई स्वतः म्हणाल्या, अंग मोडून येतंय, सोसवत नाही, तर औषध दे. त्यांच्यासाठी दे. तक्त्यासाठी देऊ नकोस.’

ती बसली. आठ वाजता ताप नव्याण्णव होता, नवालाही तेवढाच. दहाला सिस्टरने भागीरथीबाईंच्या मानेतल्या नळीत सलाइनची पिचकारी मारली आणि त्यातून नेहमीचं औषध सोडलं. ही नळी पहिल्या दिवशी घातलेली, जीव टांगणीला होता तेव्हाची. दहा पंचवीसला भागीरथीबाईंचे ओठ थरथरले. मग खांदे, मग अख्खी खाट. दातावर दात आपटू लागले. प्रणिताचा हात सवयीने औषधाच्या ट्रेकडे गेला, आणि तिथूनच परत आला. तिने रक्तदाब पाहिला, नाडी पाहिली. दोन्ही आपल्या जागी होते. ‘अंग दुखतंय का अक्का, औषध देऊ?’ असं तिने विचारलं. अक्का म्हणाल्या, ‘औषध नगं. पांघरूण दे माय.’ प्रणिताने घोंगडी पांघरली. पावणेअकराला ताप एकशे दोन पॉइंट आठ.

तिने कागदावर लिहिलं, आणि लिहिता लिहिता तिची पेन्सिल थांबली. मागच्या तीन दिवसांचे कागद तिने काढले. दुपारी दोनला मानेतल्या नळीतून औषध, अडीचला सिस्टरच्या अक्षरात ‘थंडी वाजते’, तीनला पुसणी. रात्री दहाला औषध, साडेदहाला ‘थंडी वाजते, पांघरूण दिले’. सकाळी दहालाही तेच. नळीतून औषध गेलं की अर्ध्या तासात थंडी. ताप बिचारा रोज तीनतीनदा वेळेवर येऊन सांगत होता, आणि दुपारी आपण त्याला पुसून टाकत होतो. प्रणिताला स्वतःची मनस्वी चीड आली.

तिने निरोप धाडला, आबा आले. नळीच्या भोवतालची त्वचा स्वच्छ दिसत होती, लाली नाही की पू नाही. तरी त्यांनी घाई केली नाही. ‘चोर सापडला म्हणून बाकीची घरं तपासायची नाहीत असं थोडंच आहे,’ म्हणत त्यांनी तिच्याकडून छातीचा फोटो काढवून घेतला, लघवीची नळी बदलून नमुना घेतला, कुशीवर वळवून पाठीवर फोड आहेत का पाहिलं, पोटऱ्या दाबून पाहिल्या, औषधांची यादी वाचून काढली. मग एकाच वेळी मानेतल्या नळीतून आणि दंडातून रक्त तपासायला पाठवलं.

‘ही नळी अजून का आहे?’ त्यांनी विचारलं.

‘असू दे म्हटलं सर. लागली तर.’

‘कुणाला लागली?’

प्रणिताने बाईंच्या हातात साधी सुई लावली आणि मानेतली नळी स्वतःच्या हाताने काढली. हातातल्या सुईतून एक जुनं, साधं, अशा नळीवरच्या जंतूंसाठीचं औषध सुरू केलं. हे सगळं होईतो तीन वाजले. सिस्टर बर्फाचं पातेलं घेऊन सवयीने खाटेशी आली, आणि प्रणिताने ते तिच्या हातातून काढून मोरीत ओतलं.

आबांनी आपली पिशवी उचलली. ‘मी निघतो.’

‘सर, चारला शेठ येणार आहेत. ताप अजून एकशे दोन आहे.’

‘मग? शेठ काही मला भेटायला येत नाहीत,’ म्हणून म्हातारा चालता झाला. या क्षणी प्रणिताने त्यांना मनातल्या मनात काय म्हटलं ते इथे छापता येणार नाही.

चारला शेठ आले, सोबत अध्यक्ष. शेठनी अक्काच्या कपाळावर तळहात ठेवला आणि चटका बसावा तसा मागे घेतला. ‘हे काय? अंग पोळायलंय की. काल तर उतरला होता.’

‘काल उतरला नव्हता,’ प्रणिता म्हणाली. तिने तीन दिवसांचे कागद त्यांच्यापुढे धरले. ‘तीन दिवस तो उतरलेला नव्हता, शेठ. तुम्हाला दिसू नये म्हणून आम्ही तासाभरापुरता लपवत होतो. तसं सांगणारी मी. चूक माझी आहे.’

अध्यक्षांचा चेहरा पडला. ते घाईने म्हणाले, ‘आधी ते उतरवायचं इंजेक्शन द्या, मग बोलू. आणि ते नवं महागडं अँटिबायोटिक आहे ना, तेही लावून टाका.’

‘नाही देणार. तापाचं कारण सापडलंय असं मला वाटतं. ते काढून टाकलंय, त्याचं औषध चालू केलंय. आता ताप कसा वागतो हे मला उघड्या डोळ्यांनी बघायचंय.’

‘मॅडम, महिनाअखेरीला तुमचा विषय बैठकीत आहे. विसरू नका.’

‘नाही विसरले.’

शेठचा पारा चढला. ‘बाहेर पाटी कुणाच्या नावाची आहे, बघितलंय का कधी?’

‘रोज बघते. तुमच्या वडिलांच्या नावाची आहे. ही खाट मात्र यांची आहे.’ तिने भागीरथीबाईंकडे बोट केलं आणि खाट आणि शेठ यांच्यामध्ये जाऊन उभी राहिली. अंगाने ती शेठच्या निम्मी होती. पण तिथून ती हलणार नाही हे शेठनाही कळलं, अध्यक्षांनाही कळलं.

तेव्हा घोंगडीतून बारीक आवाज आला. ‘काशा.’

शेठ वाकले.

‘तिला बोलू नको. रोज तीन वाजता ह्या पोरी मला बर्फाच्या पाण्यानं पुसायल्या रे. आधीच थंडी, त्यात ते पाणी. दात वाजायचे माझे. कामून पुसता म्हणून विचारलं, तर म्हणाल्या, शेठ येणार हायत.’ त्यांना धाप लागली, त्या थांबल्या, पुन्हा बोलल्या. ‘आज पांघरूण मिळालं बघ.’

काशिनाथअप्पा त्याच लाकडी स्टुलावर बसले. ज्या बहिणीने आपल्याला पदराखाली घेऊन थंडीपासून राखलं, ती आपल्या समाधानासाठी तीन दिवस कुडकुडत होती, हे त्यांच्या ध्यानात आलं. मोठा माणूस, पण लहान मुलासारखा रडला. अध्यक्ष खिडकीबाहेर पाहत राहिले.

दाराशी आबा उभे होते. गेलेच नव्हते, बाहेरच्या बाकावर बसून चहा गार करीत होते. शेठनी डोळे पुसत विचारलं, ‘आबा, मग ताप काय चांगला म्हणायचा?’

आबा म्हणाले, ‘ताप चांगलाही नाही आणि वाईटही नाही, अप्पा. तो गावचा जागल्या आहे. जागल्या ओरडला तर चोर शोधायचा, की झोपमोड होते म्हणून जागल्याच्याच तोंडात बोळा कोंबायचा? कधी त्यालाही आवरावं लागतं. उन्हाने करपून आलेल्याला मी क्षणात गार पाण्यात घालेन, मेंदूला मार लागलेल्याचा ताप चढू देणार नाही. पण ते त्या रुग्णासाठी. आपण इथे पाहणाऱ्याचा ताप उतरवत होतो. पाहणाऱ्याचा ताप उतरला म्हणजे रुग्ण बरा झाला, असं समजण्याइतका मोठा आजार दुसरा नाही.’

मग ते प्रणिताकडे वळले. ‘सकाळी मी तुला काही करू नकोस म्हणालो, ते तुला सोपं काम वाटलं होतं ना?’ ती पहिल्यांदाच हसली.

दुसऱ्या दिवशी पहाटे नळीतल्या रक्तात जंतू उगवल्याचा निरोप आला. दंडातल्या रक्तात तेच जंतू बऱ्याच उशिराने उगवले. म्हणजे जंतूंचं घर नळीतच होतं. तिसऱ्या दिवशी ताप गेला, कुणी न पुसता गेला. महिनाअखेरीच्या बैठकीत प्रणिताने करारासाठी विनंती केली नाही. उलट एक कागद टेबलावर ठेवला: तीनची पुसणी आजपासून बंद, हे लिहून द्या, तरच मी राहते. अध्यक्ष कुरकुरले. विश्वस्त शेठच्या तोंडाकडे पाहू लागले. शेठनी कागद ओढला आणि सगळ्यांत आधी सही केली.

अक्का सामान्य कक्षात जाणार त्या दिवशी शेठ चारला आले. कपाळाला हात लावण्याआधी त्यांनी वहाणा काढल्या. खाटेला लटकवलेल्या तक्त्याकडे त्यांनी पाहिलंसुद्धा नाही. प्रणिताला त्यांनी एवढंच विचारलं, ‘डॉक्टरीणबाई, आज अक्काला थंडी वाजली का?’

आपल्याही घरी पाहुण्यांची वेळ झाली की कुणाला तरी गार पाण्याने पुसलं जात असेल. त्याला आधी पांघरूण द्या, आणि मग विचारा, थंडी कशाने वाजतेय.